जुने जोक आता हसवत का नाहीत?

मधली_सुट्टी (धागालेखिका)

सध्या 'फिलोगेलॉस' वाचतेय. ग्रीक जोकसंग्रह आहे, साधारण चौथ्या-पाचव्या शतकातला धरतात आणि आज शिल्लक असलेल्या जोकसंग्रहांत सगळ्यात जुना हाच. अडीचशेच्या वर जोक आहेत आणि त्यातला मोठा गठ्ठा एका 'शिकलेल्या मूर्खा'वर, म्हणजे पुस्तकं ढीगभर वाचलीयत पण व्यवहारात शून्य असा इसम. वाचताना होतं असं की एका जोकला मी एकटीच फिस्सकन हसते आणि पुढच्या तीन-चार जोकांना चेहरा ढिम्म. बरं, ते भंकस आहेत म्हणावं तर तेही कुणीतरी हसू आलं म्हणूनच लिहून ठेवले असणार ना.

हसू आलं त्यातला एक सांगते. जुळ्या भावांपैकी एक वारला. शिकलेला मूर्ख उरलेल्या भावाला रस्त्यात भेटतो आणि विचारतो, "तू गेलास की तुझा भाऊ?" संपलं. दीड हजार वर्षं झाली आणि जोक अजून ठणठणीत.

आता दुसरा. हाच मूर्ख प्रवासाला निघालाय, मित्र म्हणतो येताना पंधरा-पंधरा वर्षांचे दोन गुलाम विकत आण माझ्यासाठी. हा म्हणतो, "बरं, तसे नाहीच मिळाले तर तीस वर्षांचा एक आणतो." गणित झक्कास आहे, पण मी 'गुलाम विकत आण' याच्यापाशीच थबकते आणि जोक तोवर पुढे निघून गेलेला असतो. आणि हाच सांगाडा आज जिवंत आहे बरं का! एका बाईला मूल व्हायला नऊ महिने लागतात, मग नऊ बायका लावा आणि एका महिन्यात उरका, असं म्हणणारा प्रोजेक्ट मॅनेजर. सॉफ्टवेअरवाल्यांना ऐकवून बघा, कण्हत कण्हत हसतात पण हसतात. म्हणजे माणसांची बेरीज-वजाबाकी करणारा मूर्ख आहे तिथेच आहे.

तर माझं म्हणणं असं की जोक जुना झाला म्हणून मरत नाही. ऐकणाऱ्याच्या डोक्यात आधीपासून काहीतरी गृहीत बसलेलं असतं, जोकची शेवटची ओळ त्यालाच धक्का मारते, आणि ते गृहीतच डोक्यातून गेलं तर धक्का कशाला मारणार? तुम्हाला काय वाटतं? (प्लीज इथे जोकांची रांग लावू नका, त्यासाठी वेगळा धागा आहे.)

खोडरबर

वाखुसा (वाचनखूण साठवली). जुळ्यांच्या जोकला हहपुवा (हसून हसून पुरेवाट).

पण ताई, एक शंका. मला कालच कळलेला जोक आज परत कुणी सांगितला तर हसू येत नाही. एका रात्रीत माझं गृहीत बिहीत काही बदललं नाही की. मग साधं उत्तर हेच नाही का की ऐकून ऐकून गुळगुळीत होतो?

डुलकी

खोडरबर, यावर कांट हा जर्मन तत्त्वज्ञ १७९० मध्ये बोलून गेलाय. ताणलेली अपेक्षा अचानक शून्यात विरली की हसू येतं, असं काहीसं त्याचं म्हणणं. दुसऱ्यांदा ऐकताना अपेक्षाच ताणली जात नाही, कारण शेवट ठाऊक असतो. म्हणजे ताईंचंच म्हणणं झालं ते, गृहीत गेलं. फक्त एका माणसाच्या डोक्यातून जायला एक रात्र पुरते आणि सगळ्या समाजाच्या डोक्यातून जायला शे-दोनशे वर्षं लागतात, एवढाच फरक.

तरीपण माझ्या लेकीला एकच जोक रोज सांगावा लागतो आणि ती शेवटची ओळ यायच्या आधीपासून खिदळायला लागते, त्याचं काय करायचं ते कांटला विचारायला हवं.

कंसात_बोला

तुम्ही सगळे जोकच्या आत शोधताय, हसू बऱ्याचदा जोकच्या बाहेर असतं. रॉबर्ट प्रोव्हाइन नावाच्या शास्त्रज्ञाने लोक रोजच्या बोलण्यात कधी हसतात त्याचे बाराशे प्रसंग टिपून घेतले. त्यातले २० टक्केसुद्धा प्रसंग जोक म्हणावा अशा वाक्यानंतरचे नव्हते. बाकी सगळं "चला निघतो आता", "अरे तू कधी आलास" असल्या वाक्यांवरचं हसू. आणि माणूस एकटा असताना हसतो त्याच्या तीसपट चारचौघांत हसतो असंही त्याला दिसलं. तेव्हा डुलकी, तुमची लेक जोकला हसत नसून तुम्हाला हसतेय (हलके घ्या). तुम्ही तो जोक सांगताना जे तोंड करता ना, त्याची ती वाट बघत असते.

बर्गसाँ या फ्रेंच तत्त्वज्ञाने १९०० मध्ये हसण्यावर लिहिलं त्यात एक किस्सा आहे. चर्चमध्ये प्रवचन ऐकून सगळे रडतायत आणि एक जण कोरडा बसलाय. त्याला विचारलं तू का नाही रडत, तर म्हणतो, "मी या पॅरिशचा (म्हणजे या चर्चच्या हद्दीतला) नाही." बर्गसाँ म्हणतो रडण्याचं सोडा, हसण्याच्या बाबतीत तर हे जास्तच खरं आहे. जुना जोक वाचताना आपण त्या पॅरिशचे नसतो, बस.

आजोबा_ऑनलाईन

धागा आवडला. माझं वय आयडीवरून कळेलच. आमच्या उमेदीत एक जोक हमखास टाळी घ्यायचा, तो मी मध्यंतरी नातवावर वापरून बघितला. ऑफिसात एक कारकून फोनवर जीव तोडून ओरडतोय. साहेब शिपायाला विचारतात, "काय गोंधळ आहे?" शिपाई सांगतो, "परगावी बोलतायत साहेब." साहेब म्हणतात, "मग त्यांना सांग, फोन वापरा!"

नातू माझ्याकडे बघत बसला. मग म्हणाला, "रेंज नव्हती का त्यांना?"

आता बघा, त्याला समजलं सगळं. बेंबीच्या देठापासून ओरडला तर फोनशिवायसुद्धा ऐकू जाईल, हे त्याने मला नीट समजावून सांगितलं. पण ट्रंक कॉल लागायला तासन्‌तास बसायचं, लागला की मिनिटं मोजत घसा फोडायचा, मध्येच लाईनीवर तिसराच माणूस बोलायला लागायचा, हे त्याच्या अंगावरून गेलेलं नाही. आम्ही त्या जोकला हसायचो ते साहेबाला हसायचो असं मला आता वाटत नाही. आपला सगळ्यांचा छळ कुणीतरी एका ओळीत पकडला, त्याचं ते हसू. छळ संपला, हसूही संपलं. तक्रार नाही, फोन आता बरा लागतो.

मधली_सुट्टी

आजोबा, दंडवत! 'समजलं पण हसला नाही' हे महत्त्वाचं आहे. जोकला माहिती पुरत नाही, ती माहिती सवयीची असावी लागते. म्हणून तर तळटीप वाचून कुणी हसत नाही.

यावरून एक भन्नाट उदाहरण. साधारण चार हजार वर्षांपूर्वीच्या सुमेरी (म्हणजे आजच्या इराकमधल्या) मातीच्या पाट्यांवर एक ओळ आहे. कुत्रा दारूच्या गुत्त्यात शिरला आणि म्हणाला, "मला काहीच दिसत नाही, हे उघडतो." झालं, एवढंच. हा विनोद असणार असं बऱ्याच अभ्यासकांना वाटतं, पण यात हसायचं कशाला यावर त्यांचं एकमत नाही. कोण म्हणतं दार उघडतो, कोण म्हणतं डोळे मिटलेले होते ते उघडतो, कोण म्हणतं गुत्त्यात वेश्याव्यवसाय चालायचा तेव्हा तिकडचं काहीतरी अश्लील आहे. प्रत्येक शब्द वाचता येतोय, व्याकरण कळतंय, आणि जोक गायब! मी तर ती ओळ दहा वेळा वाचली आणि आता मला ती वेगळ्याच कारणाने हसवते, एवढी विद्वान मंडळी त्या कुत्र्याच्या तोंडाकडे बघत बसलीयत म्हणून.

उगाच_कुणीतरी

एवढं काही तत्त्वज्ञान नाहीये यात. हल्ली लोकांच्या भावना उठसूट दुखावतात म्हणून जुने जोक चालत नाहीत. पूर्वी बायकोवरचे, टकल्यावरचे, तोतऱ्यावरचे, बहिऱ्यावरचे जोक सगळे मिळून हसायचे. ज्याच्यावर असायचा तोही हसायचा. आता तोंड उघडायची चोरी.

सावळा_गोंधळ

"ज्याच्यावर असायचा तोही हसायचा." उगाच, मी लहानपणापासून अडखळत बोलतो. हसायचो की मीसुद्धा. न हसून जाणार कुठे? हसलो नाही तर दुसरा जोक तयार असायचा, 'याला राग आला' हा. त्या हसण्याची मोजदाद तुम्ही 'सगळे मिळून' मध्ये करू नका एवढीच विनंती.

आणि भावना दुखावतात म्हणून जोक पडतो असं मला वाटतच नाही. तोतऱ्याच्या जोकमधली शेवटची ओळ काय असते? तोतरा अडखळतो. ती तर पहिल्या ओळीलाच माहीत असते! सांगणारा आवाज काढतो त्याच्यावर सगळा खेळ. हॉब्स या इंग्रज तत्त्वज्ञाने १६५१ मध्ये हसण्याला अचानक चढलेला गर्व म्हटलं होतं, दुसऱ्यात काहीतरी वाकडं दिसलं की आपण सरळ असल्याचा आनंद. नुसता तेवढाच आनंद असलेले जोक असतात, त्यात बाकी काहीच कारागिरी नसते. समोरच्याला तसा गर्व चढेनासा झाला की जोकच्या हातात काही उरत नाही.

उगाच_कुणीतरी

बरं. आवाज काढणारे जोक मीही फारसे सांगत नाही. पण मग तुमच्या हिशेबाने कुणाला लागेल असा जोकच करायचा नाही का? धार नसेल तर जोक कसला, शाळेतला सुविचार होईल तो.

डुलकी

उगाच यांच्या मुद्द्यात दम आहे, धार लागतेच. मॅकग्रॉ आणि वॉरन या दोन संशोधकांनी २०१० मध्ये एक विचार मांडला, की काहीतरी मोडायला हवं, नियम, शिष्टाचार, तर्क काहीही, पण त्याच वेळी ते निरुपद्रवी पण वाटायला हवं. दोन्ही एकदम. मग जोक दोन बाजूंनी मरू शकतो. एकतर मोडण्यात काही राहिलं नाही म्हणून बोथट होतो, नाहीतर जे निरुपद्रवी वाटत होतं ते तसं नाही हे दिसायला लागतं म्हणून टोचतो. सावळा म्हणतात तो दुसरा प्रकार.

पहिल्याचं उदाहरण म्हणजे २००८ मध्ये वुल्व्हरहॅम्प्टन विद्यापीठाने 'जगातला सगळ्यात जुना जोक' म्हणून जो जाहीर केला तो. तोही सुमेरी, इसवी सनापूर्वी १९०० च्या आसपासचा. अनादी काळापासून कधीही न घडलेली गोष्ट कुठली, तर तरुण बायको नवऱ्याच्या मांडीवर बसली आणि पादली नाही. तेव्हा चारचौघांत असं बोलणं म्हणजे केवढी आगाऊ गोष्ट असेल. आता पहिलीतलं पोर यापेक्षा वरचढ सांगतं.

याच लोकांचा २०१४ चा अभ्यास तर धाग्याच्या विषयाला नेमका लागू आहे. अमेरिकेत २०१२ मध्ये सँडी वादळ आलं होतं, त्यावरचे विनोदी ट्वीट लोकांना वेगवेगळ्या वेळी दाखवून किती हसू येतं विचारलं. वादळ येऊन गेल्यावर सुरुवातीला हसू कमी, मग ते वाढत वाढत महिन्याभराने सगळ्यात जास्त, आणि तीन महिन्यांनी परत ओसरलं. म्हणजे जखम ताजी असताना नको आणि पार भरल्यावरही नको. आजोबांच्या ट्रंक कॉलचा जोक त्या तिसऱ्या टप्प्यात पोचलाय.

कंसात_बोला

मग ग्रीकांचं काय? फिलोगेलॉसमध्येच आहे ना तो, अब्देराचा (हे मूर्खांचं म्हणून बदनाम असलेलं ग्रीक गाव) माणूस क्रूसावर चढवलेला धावपटू बघतो आणि म्हणतो, "आता हा धावत नाही, उडतोय." जिवंत माणूस खिळे ठोकून टांगलाय आणि यांना पंख आठवतायत. म्हणजे त्यांना ते दृश्य 'निरुपद्रवी' वाटत होतं. मला तो जोक वाचून ग्रीकांची भीती वाटली, हसू राहिलं बाजूला.

सावळा_गोंधळ

कंसात, त्याहून मला हलवून गेलेलं म्हणजे पॅरिसच्या मांजरांचं प्रकरण. १७३० च्या दशकात एका छापखान्यातल्या शिकाऊ पोरांनी मालकिणीच्या लाडक्या मांजरीसकट गल्लीतली मांजरं पकडून मारली. त्यांच्यावर खोटा खटला चालवून फाशी वगैरे दिली. नंतर कित्येक दिवस त्या प्रसंगाची नक्कल करून करून कामगार पोट धरून हसत होते. त्यातल्याच एकाने पुढे लिहून ठेवलंय की त्या छापखान्यात एवढी गंमत कधी झाली नव्हती. रॉबर्ट डार्न्टन या इतिहासकाराने १९८४ मध्ये हे प्रकरण उकलायला घेतलं ते नेमकं याच कारणाने, की हे वाचून आपल्याला हसू येत नाही. त्याचं म्हणणं, जिथला विनोद आपल्याला कळत नाही तिथूनच परक्या जगात शिरायला वाट मिळते. मालकाची मांजरं पंगतीला आणि पोरांना उरलंसुरलं, रात्री मांजरांच्या ओरडण्याने झोप नाही, मालकाला तोंडावर तर काही बोलता येत नाही. हे सगळं कळल्यावर ते का हसले ते मला समजलं. हसू मात्र शेवटपर्यंत आलं नाही, आणि येऊ नये असंच वाटतं.

उगाच, तुम्ही विचारलंत ना कुणाला लागेल असा जोक करायचाच नाही का. ही पोरं मालकाला लागेल असा जोक करत होती. मार मांजरांनी खाल्ला.

खोडरबर

बापरे. धागा कुठल्या कुठे गेला.

पाटी_कोरी

कुणीच न बोललेलं एक कारण, नक्कल. एखादा जोक इतका चांगला असतो की पुढचे सगळे तोच उचलतात, पात्रं बदलून, शेवट थोडा हलवून. मग तुम्ही वीस नकला आधी ऐकता आणि मूळचा सगळ्यात शेवटी हाती लागतो, तेव्हा तोच चोरीचा वाटतो. जुने गाजलेले कॉमेडी कार्यक्रम नवीन पोरांना दाखवा, म्हणतात "हे तर सगळीकडे असतं". अरे बाबा, सगळीकडे इथूनच गेलंय!

२००१-०२ मध्ये रिचर्ड वाइजमन या मानसशास्त्रज्ञाने इंटरनेटवर लोकांकडून ४० हजार जोक मागवून, त्यांना मतं द्यायला लावून जगातला सगळ्यात विनोदी जोक शोधला. तो निघाला शिकाऱ्यांचा. दोन शिकारी जंगलात, एक कोसळतो. दुसरा इमर्जन्सीला फोन लावून सांगतो, माझा मित्र मेला, काय करू? पलीकडून शांतपणे, "घाबरू नका, आधी तो नक्की मेलाय याची खात्री करा." थोडा वेळ शांतता, मग गोळीचा आवाज. "हं, केली. आता पुढे?"

आता खरं सांगा, कितीजण हसलात? बहुतेकांनी आधी ऐकलेला असणार. गंमत म्हणजे तो २००२ मध्येही नवा नव्हता. त्याचा माग काढत गेल्यावर स्पाइक मिलिगन या ब्रिटिश विनोदवीराच्या १९५१ च्या एका स्किटपर्यंत जाऊन पोचला. इतकी वर्षं तोंडातोंडी फिरून प्रत्येक देशात चालेल असा झाला, आणि सगळीकडे चालतो म्हणूनच सगळ्यांचा ऐकून झाला. फॉरवर्ड्समुळे तर आता ही सगळी यात्रा एका दुपारी होते. सकाळी एका ग्रुपवर हसलो, संध्याकाळपर्यंत तोच पाच ग्रुपवर, पाचव्याला तर पाठवणाऱ्याचाच राग येतो.

मधली_सुट्टी

पाटी_कोरी, हे मी सोडलंच होतं, आणि पटलं. फक्त शिकाऱ्याच्या जोकमध्ये मला अजून एक दिसतं. 'खात्री करा' हे दोन्हीकडे लागू पडतं, बघून खात्री आणि उरकून खात्री, आणि हे जवळजवळ कुठल्याही भाषेत जमतं. सिसेरो या रोमन वक्त्याने इसवी सनापूर्वी ५५ मध्ये वक्तृत्वावर लिहिताना हीच विभागणी केलीय, शब्द बदलले तरी टिकतो तो प्रसंगातला विनोद, शब्द बदलताच जातो तो शब्दातला. शब्दातले बिचारे फार लवकर जातात. शेक्सपियरच्या 'ॲज यू लाइक इट' मध्ये एक विदूषक तासातासाने पिकण्या-सडण्यावर बोलतो आणि ऐकणारा तासभर हसत सुटतो, वाचणाऱ्याला कळत नाही एवढं काय झालं. तर त्या काळी इंग्रजीतला 'तास' आणि 'वेश्या' जवळपास सारखेच उच्चारायचे म्हणे. उच्चार सरकला, वाक्य जागेवर राहिलं आणि आतला चावटपणा निसटून गेला.

खोडरबर

ताई, आता मी परत आडवा येतो. फिलोगेलॉसमधला तो गाढवाचा जोक मलाही माहितीय. शिकलेल्या मूर्खाला गाढवाला न खाण्याची सवय लावायची असते, म्हणून चारा बंद करतो. गाढव मरतं. तर हा हळहळतो, "केवढं नुकसान! न खायला शिकला आणि नेमका तेव्हाच मेला." आमच्यापैकी गाढव पाळलंय कुणी? चारा किती लागतो माहितीय कुणाला? तुमच्या 'सवयीची माहिती' थिअरीप्रमाणे हा मरायला हवा होता. मी मात्र ऑफिसात बसून हसलो आणि शेजारच्याने विचारलं काय झालं.

मधली_सुट्टी

पण त्यात गाढवाची माहिती लागतेच कुठे? न खाल्लं तर मरतं, हे गृहीत अजून कुणाच्या डोक्यातून गेलेलं नाही. आणि तू ऑफिसात बसून हसलास ना, टीममधली माणसं कमी करत करत काम तेवढंच अपेक्षित असेल तर त्या गाढवाशी तुझा परिचय आहेच :)

खोडरबर

सध्या आम्ही न खायला बऱ्यापैकी शिकलोय.

आजोबा_ऑनलाईन

हाहा! मला त्यातला न्हाव्याचा आवडतो. बडबड्या न्हावी विचारतो, "केस कसे कापू?" गिऱ्हाईक म्हणतं, "गप्प राहून." प्लूटार्क या ग्रीक लेखकाने हाच किस्सा मॅसेडोनियाच्या आर्केलाओस राजाच्या नावावर घातलाय, म्हणजे फिलोगेलॉसच्याही आधीपासून फिरत होता.

पाटी_कोरी

आजोबा, त्याचंही आता मरण जवळ आलंय. एका टॅक्सीच्या ॲपमध्ये २०१९ पासून महागड्या गाड्यांना 'शांतता हवी' असं आधीच निवडता येतं. काही सलूनमध्येही तसं सांगून ठेवता येतं म्हणतात. जोकमधली शेवटची ओळ आता मेनूत आली, मग हसायचं कशाला?

आजोबा_ऑनलाईन

तसं नाही हो. तो पर्याय निवडून गाडीत बसावं आणि ड्रायव्हरने अर्धा तास हेच सांगावं की साहेब, तुम्हाला शांतता आवडते ते बरं आहे, मलाही फार बोलणारी माणसं अजिबात आवडत नाहीत.

कंसात_बोला

+१, हहपुवा. हा कुठल्या शतकातला?

आजोबा_ऑनलाईन

आत्ताच केला.